आधी पासंग, मग वजन

पुणे, १४ जुलै

प्रिय दिग्या,

सप्रेम नमस्कार. प्लॅस्टर निघायला अजून चार आठवडे आहेत, असं वहिनींनी सांगितलं. तू खुर्चीत बसून घरातल्या सगळ्यांना हैराण करतोयस, हेही सांगितलं. त्यावर उपाय म्हणून पुस्तकं सुचवायला गेलो, तर फोनवरच माझ्यावर खेकसलास. "समीक्षा? अरे, समोर ताट असताना जेवणाचं वर्णन कशाला वाचायचं?" वाक्य झकास आहे. फोनवर उत्तर सुचलं नाही. आज सकाळपासून पाऊस आहे, दळण आणायला जाता येत नाही, म्हणून लिहायला बसलो.

बार्शीचं आमचं दुकान तुला आठवतं ना? दुसऱ्या वर्षाच्या दिवाळीत आला होतास. आमचे दादा सकाळी दुकान उघडलं की पहिलं काम काय करायचे, हे बघितलं होतंस का? रिकामा तराजू उचलून धरायचे. एक पारडं जरा जरी खाली गेलं, तरी दुसऱ्याच्या साखळीला काहीतरी अडकवायचे, कधी नट, कधी चिंधीत बांधलेला खडा. काटा मधोमध आला की मगच पहिली ज्वारी पडायची. तो खडा म्हणजे पासंग. आमच्याच ओळीतला एक दुकानदार पारड्याच्या बुडाला चिंच चिकटवतो, अशी बाजारात कुजबुज होती. मापात पाप म्हणतात ते हेच. दादांचा त्यामुळे भलताच कटाक्ष असायचा, गिऱ्हाईक ताटकळलं तरी पासंग पाहिल्याशिवाय वजन नाही.

आता कुसुमावती देशपांड्यांनी आपल्या समीक्षालेखांच्या पुस्तकाला नाव दिलं 'पासंग'. १९५४ सालचं पुस्तक. मराठीत हा शब्द राहिला आहे तो बहुतेक हिणवण्यापुरता. अमका तमक्याच्या पासंगालाही पुरणार नाही, असं आपण म्हणतो. दुसरा एखादा टीकाकार असता तर 'तुला' किंवा 'मानदंड' असं दणदणीत नाव शोधलं असतं. या बाईंनी चिंधीतला खडा उचलला. आणि या बाई तुमच्या नागपूरच्या. तिथे इंग्रजी शिकवायच्या, स्वतः उत्तम कथा लिहायच्या, कवी अनिलांच्या पत्नी. १९६१ साली ग्वाल्हेरच्या साहित्य संमेलनाच्या अध्यक्ष झाल्या, त्या खुर्चीवर बसलेली पहिली स्त्री. त्याच वर्षी गेल्या. तू तिथे तीस वर्षं राहतोस आणि तुला हे ठाऊक नसणार, पैज लाव.

माझ्याकडची 'पासंग'ची प्रत रद्दीतली आहे. एका कॉलेजच्या लायब्ररीने पोत्यांनी पुस्तकं काढली होती, त्यातली. रद्दीवाल्याने वजनावर दिली, साध्या स्प्रिंगच्या काट्यावर, आणि त्या काट्याचा पासंग काही त्याने पाहिला नाही. मागच्या पानावर तारखांची चिठ्ठी अजून आहे. सगळे मिळून चार शिक्के. शेवटचा १९८३ चा. त्यानंतर कपाटात उभं राहून पुस्तकाचा कणा पिवळा पडला, पण आतली पानं करकरीत. काही पानांच्या कडा कापलेल्याही नव्हत्या, त्या मी सुरीने सोडवल्या. म्हणजे ते चार वाचक सुद्धा शेवटपर्यंत पोचले नव्हते बघ.

बाईंचं लिहिणं शांत आहे. एखादा लेखक आवडला नाही तर आधी त्याला काय करायचं होतं ते नीट मांडतात, मग तिथवर तो का पोचला नाही ते सांगतात. मला बँकेत ऑडिटचे साहेब यायचे ते आठवले. काही जण आल्या आल्या चुका काढायचे, आणि एक होते, ते आधी ब्रँचची अडचण विचारून घ्यायचे. चुका दोघांनाही सापडायच्या, पण दुसऱ्याच्या रिपोर्टमधून आम्ही काहीतरी शिकायचो.

आता तुझ्या ताटाचं. म. वा. धोंडांचं 'ज्ञानेश्वरीतील लौकिक सृष्टी' वाच. १९९७ चा साहित्य अकादमी पुरस्कार याला मिळाला, पण ते जाऊ दे. ज्ञानेश्वरी म्हटलं की आपण लगेच अध्यात्माचं सोवळं नेसतो. धोंड बघतात ते ज्ञानेश्वरांच्या उपमांमधलं साधं, डोळ्यांनी दिसणारं जग. पुस्तक खाली ठेवलं आणि मी तेरावा अध्याय पुन्हा उघडला. त्यात अहिंसेच्या वर्णनात ही ओवी आहे:

कां कमळावरी भ्रमर । पाय ठेविती हळुवार ।
कुचुंबैल केसर । इया शंका ॥

आजीच्या तोंडून ही शंभरदा ऐकलेली. अहिंसा म्हणजे हळुवार चालणं, एवढाच अर्थ डोक्यात होता. आता पहिल्यांदा भुंग्याचे पाय दिसले. आणि 'कुचुंबैल' हा शब्द बघ. मोडेल, तुटेल असं म्हणाले असते तर चाललं असतं की. पण केसर मोडत नाही, चुरगळतो, आणि चुरगळल्यावर पुन्हा सरळ होत नाही. हे ठाऊक असायला माणसाने कमळाजवळ वाकून बसलेलं असावं लागतं. हे सगळं धोंडांनी मला सांगितलं नाही, त्यांनी फक्त बघायची खोड लावली. आता तूच सांग, हे जेवणाचं वर्णन झालं का? माझ्या लेखी तरी हे ताटातला खडा दाखवणारं, आणि वेलदोडाही दाखवणारं, शेजारच्या पानावरचं माणूस आहे.

नेमाड्यांचं 'टीकास्वयंवर' मात्र प्लॅस्टर असताना वाचू नकोस, रागाने उठून उभा राहशील. तू कथाकार जी. ए. कुलकर्णींचा, आपल्या जी.एं.चा भक्त, आणि हा माणूस कथा या प्रकारालाच खालच्या पंगतीत बसवतो. मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक भिंतीवर फेकलं होतं, खरंच. मग उचललं, कारण मधल्या पानांत 'मराठी कादंबरी : प्रेरणा आणि स्वरूप' हा लेख आहे. त्यात त्यांनी आपल्या कादंबरीच्या तीन वाटा सांगितल्या आहेत, आणि प्रत्येक वाटेला सुरुवातीच्याच एकेका कादंबरीचं नाव दिलं आहे. विधवांच्या हालांवरची बाबा पदमनजींची 'यमुनापर्यटन', १८५७ सालची, म्हणजे वास्तवाची वाट. हळब्यांची 'मुक्तामाला', १८६१, म्हणजे कल्पनेतल्या राजवाड्यांची. आणि गुंजीकरांचं 'मोचनगड', १८७१, म्हणजे इतिहासाची. एवढं कळलं की रेल्वे स्टॉलवरच्या कादंबऱ्यांची चळतसुद्धा वेगळी दिसते. हातात घेतली की आपण मनात म्हणतो, ही मुक्तामालेची नात.

नेमाड्यांचा काटा एका बाजूला झुकलेला आहे, हे ते लपवत नाहीत. झुकलाय, असाच राहणार, काय करायचं ते करा, असा सगळा बाणा. मला वाटतं, यालाही पासंग पाहणंच म्हणावं लागेल. गिऱ्हाइकाला दिसतंय की हा काटा कुठे झुकतो, मग त्याने तेवढं वजा करून घ्यावं. चिंच बुडाला चिकटवणारा वेगळा. आणि 'हल्ली लेखकाचा लेखकराव होतो तो का?' हा त्यातला लेख वहिनींना मोठ्याने वाचून दाखव. हार-तुरे, अध्यक्षपदं, वर्तमानपत्रातले फोटो, सगळ्यांची सालं काढली आहेत. पुढे याच लेखकाला २०१४ चं ज्ञानपीठ मिळालं. त्या दिवशी तू मला फोन करून अर्धा तास हसला होतास, आठवतं?

मर्ढेकरांचं 'सौंदर्य आणि साहित्य' मी तीनदा सुरू केलं आणि तीनदा ठेवून दिलं. संवाद, विरोध, समतोल अशी लयीची तत्त्वं ते मांडतात, ती कवितेला लावून बघताना मजा येते, पण पुढे 'भावनानिष्ठ समतानता' आली की माझी बॅटरी उतरते. पुस्तक मोठं आहे यात शंका नाही, मी लहान पडतो. तू इंजिनिअर, तुला जमेल कदाचित. अशोक केळकरांच्या 'रुजुवात'चंही थोडं तसंच, ते भाषाशास्त्रज्ञ, एकेक शब्द चिमट्यात धरून तपासतात. पण त्या नावावर मी फिदा आहे. रुजुवात घालणं म्हणजे कागद कागदाशी ताडून बघणं. पस्तीस वर्षं बँकेत आम्ही दुसरं काय केलं? एकीने शीर्षक तराजूवरून घेतलं, दुसऱ्याने वहीखात्यावरून. मराठी समीक्षकांना दुकानदारीची एवढी ओढ असेल असं वाटलं नव्हतं.

विलास सारंगांचं 'सिसिफस आणि बेलाक्वा' तुला खास. सिसिफस तुला ठाऊक आहे, तोच धोंडा डोंगरावर ढकलणारा. बेलाक्वा हा दान्तेच्या काव्यातला आळशी माणूस, गुडघ्यांना मिठी मारून, त्यात डोकं खुपसून खडकाच्या सावलीत बसलेला. आयरिश लेखक बेकेटने पुढे आपल्या नायकाला हेच नाव दिलं. नोकरीतला दिग्या म्हणजे सिसिफस आणि सध्याचा खुर्चीतला म्हणजे बेलाक्वा, तेव्हा पुस्तक आरशासारखं वापर. सारंग स्वतः कथाकार, त्यामुळे दुसऱ्याचं लिखाण ते कारागिराच्या नजरेने उलटंपालटं करून बघतात. दुर्गाबाई भागवतांचं 'केतकरी कादंबरी' त्यानंतर घे. ज्ञानकोशकार केतकरांना कादंबरीकार म्हणून कोणी फारसं मोजत नाही. भाषा ओबडधोबड, मध्येच समाजशास्त्राचं व्याख्यान. बाईंनी त्याच कादंबऱ्यांवर अख्खं पुस्तक लिहिलं. ते वाचून मी 'ब्राह्मणकन्या' मिळवली आणि दोन रात्रींत संपवली.

इतकं लिहिल्यावर एक गोष्ट मनात टोचत राहिली, तीही सांगतो. दादांच्या दुकानात तराजू नेहमी दादांच्याच हातात असायचा. मांगवाड्यातली माणसं ज्वारी न्यायला यायची, ती पायरीखाली उभी राहायची. त्यांच्या पदरात पडायचं ते वजन बरोबर असायचं, मी पैजेवर सांगतो. पण काटा मधोमध आला की नाही, हे पायरीखालून दिसत नाही. हे मला शरणकुमार लिंबाळ्यांचं 'दलित साहित्याचे सौंदर्यशास्त्र' वाचताना आठवलं, वयाच्या चाळिशीत. लिंबाळे विचारतात ते साधं आहे. जे लिखाण वेदनेतून आणि नकारातून आलं, त्याला तुम्ही आनंदाच्या मापाने कसं मोजता? आणि मोजलं तर ते कमी भरणारच, त्यात नवल काय? तोपर्यंत मी दलित आत्मकथनं वाचून 'कलात्मक नाही' असं बिनदिक्कत म्हणायचो. तूही म्हणायचास, होस्टेलच्या गच्चीवर, हात हलवून.

हा प्रश्न तसा नवा नाही. १८८५ साली पुण्यात मराठी ग्रंथकारांची सभा भरायची होती, रानड्यांनी जोतिरावांना बोलावलं, आणि जोतिरावांनी पत्राने नकार कळवला. उंटावरून शेळ्या वळणाऱ्या ग्रंथकारांना आमच्या हालअपेष्टा कुठून कळणार, असं त्यात विचारलं. पत्र लहान आहे. त्यानंतर मराठीत समीक्षेचे हजारो छापील कागद निघाले, पण इतकं नेमकं त्यात थोडंच सापडेल. रा. ग. जाधवांचं 'निळी पहाट' याच्या जोडीने वाच. जाधव वाईला विश्वकोशात काम करायचे. दलित साहित्य नवं असताना त्यांनी ते पायरी उतरून वाचलं.

तर पार्सलमध्ये धोंड, नेमाडे, सारंग, लिंबाळे आणि 'निळी पहाट' अशी पाच पुस्तकं घातली आहेत. दुर्गाबाई शेजाऱ्यांनी नेल्यात, आल्या की पाठवतो. नेमाड्यांच्या कथेवरच्या मताच्या बाजूला मी पेन्सिलने लिहिलेल्या शिव्या आहेत, त्या मुलांना दाखवू नकोस. तोंड गोड करायला जी.एं.नी सुनीताबाई देशपांड्यांना लिहिलेल्या पत्रांचा खंडही ठेवलाय. धारवाडच्या त्या घरात बसून ते वाचलेल्या पुस्तकांबद्दल ज्या मोकळेपणी लिहितात, ती समीक्षा म्हणून लिहिलेली नाही, म्हणून तुझ्या गळी उतरेल.

'पासंग' पाठवत नाही. माझे जी.एं.चे 'हिरवे रावे' तुझ्याकडे १९८४ पासून आहेत आणि दर वेळी "सापडत नाहीत" म्हणतोस. ते घेऊन पुण्याला ये, प्लॅस्टर निघालं की. 'पासंग' इथे माझ्या समोर बसून वाच, चहा मी करीन. पाचवा शिक्का तुझा.

वहिनींना नमस्कार. पाय उशीवर उंच ठेव, सूज उतरते.

तुझा,
वश्या

ता. क. पार्सल उद्या पोस्टात टाकतो. काउंटरवरचा माणूस वजन करताना मी काट्याकडे बघत राहतो, तो चिडतो. सवय जात नाही.