हप्त्यापलीकडचे व्याजही कळू द्या

गृहकर्ज काढताना घरोघरी एकच चौकशी होते : हप्ता किती बसेल? 30 लाखांचे कर्ज 8.5 टक्क्यांनी 20 वर्षांसाठी घेतले, तर हप्ता सुमारे 26,035 रुपये. त्यातले पहिल्या महिन्यात 21,250 व्याजातच जातात, मुद्दल फिटते जेमतेम 4,785! एकूण परतफेड साडेबासष्ट लाखांच्या घरात. सुरुवातीलाच दर एक टक्का वाढला आणि हप्ता तोच राहिला, तर मुदत साडेपाच वर्षांहून अधिक लांबते. अशा वेळी हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारा, असे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट 2023 मध्ये बजावले आहे. ही विचारणा एसएमएसच्या एका ओळीत उरकू नये. एकूण व्याज किती वाढणार, तो आकडा बँकांनी मराठीत, ठळक अक्षरांत कळवावा.

– एक कर्जदार, डोंबिवली