आतून कडी आहे का?

आदरणीय डॉक्टर मॅडम,

सप्रेम नमस्कार.

तुमच्याकडे रोज इतके पेशंट येतात की मी तुमच्या लक्षात असेन असं नाही. तासगावहून एसटीनं मिरजेला येणारी, जिल्हा परिषदेच्या शाळेतली बाई. 2023 च्या श्रावणात पहिल्यांदा आले तेव्हा केसपेपरवर मी तक्रार सांगितली होती, "थकवा, अंगात कणकण." तासगावात डॉक्टर नाहीत असं नाही. पण तिथं बाकावर बसलेल्या दहाजणींपैकी सहाजणींची मुलं माझ्या हाताखालून गेलेली असतात. म्हणून तेवढा प्रवास केला.

हे पत्र मी तुम्हाला एकटीला पाठवू शकले असते. मुद्दाम चारचौघींना वाचता येईल असं लिहितेय, कारण माझ्या वयाच्या कितीजणी थकवा आणि कणकण सांगून परत येत असतील, हे आता मला कळतं.

खरी तक्रार ओठांवर यायला मला बराच वेळ लागला. बाहेर रांग होती, तरी तुम्ही पेन खाली ठेवलंत आणि पंखा एकनं कमी केलात, माझा आवाज इतका बारीक झाला होता. मग मी म्हणाले, "मला आता ह्यांच्याजवळ जावंसंच वाटत नाही. दोन वर्षं झाली."

हेच वाक्य मी त्याआधी एका ठिकाणी बोलले होते. तिथं उत्तर मिळालं, "आता सून आणायचं वय झालं तुमचं. कशाला हवंय हे सगळं?" त्यानंतर अकरा महिने मी कुणाशी बोलले नाही. मनाशी ठरवून टाकलं की आपल्यातलं काहीतरी कायमचं आटलं. घरात भांडण नव्हतं, आमचे हे स्वभावानं चांगले, आणि तरीही रात्री त्यांचा हात खांद्यावर आला की माझं अंग लाकडासारखं ताठ व्हायचं. त्यांना वाटलं मला त्यांची किळस आली. मला वाटलं मी बायको म्हणून संपले. ते हॉलमध्ये टीव्हीपुढे झोपायला लागले. दोघंही एकमेकांना काही विचारत नव्हतो.

तुम्ही मला आधी एवढंच विचारलंत, "दुखतं का?"

मॅडम, मला त्या प्रश्नाचं उत्तर माहीत होतं आणि तरी ते मी स्वतःला कधी दिलं नव्हतं. दुखायचं. सुरीनं कापल्यासारखं दुखायचं, आणि दुसऱ्या दिवशी लघवीला जळजळ. युरिन इन्फेक्शन म्हणून वर्षभरात तीनदा अँटिबायोटिकचा कोर्स झाला होता. या सगळ्याचा एकमेकांशी काही संबंध आहे, हे माझ्या गावीही नव्हतं. पाळी जाऊन दोन वर्षं झाली होती. 46 व्या वर्षी गेली. आपल्याकडे बहुतेकींची त्याच सुमारास जाते, हेही तुम्हीच सांगितलंत. मला पन्नाशीचा अंदाज होता, म्हणून जे होत होतं ते मी रजोनिवृत्तीच्या खात्यात धरलंच नव्हतं.

तुम्ही कागदावर पेन्सिलीनं चित्र काढलंत. पाळी गेल्यावर इस्ट्रोजेन कमी होतं, योनीची आतली कातडी पातळ आणि कोरडी होते, तिची लवचीकता जाते, लघवीची जागाही त्याच हार्मोनवर जगत असल्यामुळे तिलाही त्रास होतो. अंगावर लाली येणं, घाम फुटणं हे त्रास काही वर्षांत बऱ्याचजणींचे आपोआप ओसरतात, पण हा कोरडेपणा उपचाराशिवाय सहसा जात नाही, उलट वाढतो. तुम्ही "योनी" हा शब्द इतक्या सरळ उच्चारलात, जसा आपण "कोपर" म्हणतो. आमच्याकडे बायका "खाली दुखतंय" एवढंच म्हणतात. मी पंचवीस वर्षं मुलांना शिकवतेय आणि माझ्या स्वतःच्या अवयवाचं नाव मी त्या दिवशी पहिल्यांदा मोठ्यानं घेतलं.

मग तुम्ही म्हणालात ते वाक्य मी घरी येऊन वहीत उतरवून ठेवलंय: "चटका बसणाऱ्या भांड्याला हात लावायची इच्छा कुणाला होईल? तुमची इच्छा मेलेली नाही, ती तुम्हाला जपतेय." दोन वर्षं मी ज्याला माझा दोष समजत होते, तो माझ्या शरीराचा शहाणपणा होता.

बाकीची चौकशीही तुम्ही अशीच केलीत. पर्समधल्या सगळ्या गोळ्या टेबलावर ठेवायला सांगितल्यात. 2021 मध्ये आई गेली, त्यानंतर माझं मन फार खचलं होतं आणि मानसोपचार तज्ज्ञांनी एस्सिटॅलोप्रॅम सुरू केली होती. ती पट्टी हातात घेऊन तुम्ही म्हणालात, "या गोळीनं तुम्हाला उभं केलं, तिचे उपकार आहेत. पण ही आणि हिच्या गटातल्या गोळ्या बऱ्याचजणांची कामेच्छा मंदावतात. पुरुषांचीही. हे देतानाच सांगायला हवं होतं." आणि लगेच दटावलंत की मनानं बंद करायची नाही, एकदम सोडली तर चक्कर, घाबरल्यासारखं होणं आणि जुना आजार परत येणं, सगळंच होऊ शकतं. तुम्ही मानसोपचार तज्ज्ञांसाठी चिठ्ठी लिहून दिलीत. मी दीड वर्ष ठणठणीत होते, म्हणून त्यांनी काही आठवड्यांत टप्प्याटप्प्यानं डोस उतरवला. दुसरी पट्टी ॲसिडिटीच्या कॅप्सूलची. ती मी वर्षभर रोज सकाळी घेत होते, कुणी बंद करा म्हणालं नव्हतं. तिच्यात डॉमपेरिडोन असतं आणि ते प्रोलॅक्टिन नावाचं हार्मोन वाढवतं, आणि वाढलेलं प्रोलॅक्टिन इच्छेला दाबतं. बाळाला अंगावर पाजणाऱ्या बाईला कित्येक महिने काही वाटत नाही, त्यामागेही हेच प्रोलॅक्टिन आणि उतरलेलं इस्ट्रोजेन असतं, हे ऐकून मला माझ्या धाकट्या जावेची आठवण झाली. तिला आम्ही सगळ्यांनी तुसडी म्हटलं होतं. त्याची मला लाज वाटते.

रिपोर्टात थायरॉईड ठीक निघालं, हिमोग्लोबिन 9.6. लोहाच्या गोळ्या सुरू झाल्या. थायरॉईड मंदावलेलं असलं तरी असंच होतं, म्हणून ती तपासणी टाळायची नाही, असं तुम्ही बजावलंत.

कोरडेपणावर तुम्ही हार्मोनचं क्रीम सुचवलंत, त्याला मी घाबरले होते. हार्मोन म्हटलं की कॅन्सर, एवढंच डोक्यात. तुम्ही आधी स्तनांची तपासणी केलीत, घरात कुणाला झाला होता का विचारलंत, पाळी गेल्यावर कधी रक्त गेलंय का विचारलंत. ज्यांना स्तनाचा कॅन्सर होऊन गेलाय त्यांना हे क्रीम त्यांच्या कॅन्सरच्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय द्यायचं नाही, असंही सांगितलंत. मग समजावलंत की एस्ट्रिऑल म्हणजे इस्ट्रोजेनचाच एक प्रकार, त्याचं हे क्रीम अगदी थोडं लावायचं असतं, जिथं लावतो तिथंच काम करतं, रक्तात फारसं उतरत नाही. पहिले दोन आठवडे रोज रात्री, नंतर आठवड्यातून दोनदा. आणि दोन दिवसांत गुण मागायचा नाही. मी सोमवार-गुरुवार धरलेत. सहाव्या आठवड्यात एका सकाळी लघवीला गेले आणि जळजळ नाही हे लक्षात येऊन तिथंच थोडा वेळ थांबले. त्यानंतर आजवर एकदाही अँटिबायोटिक घ्यावं लागलेलं नाही. पाण्याच्या बेसची जेली वेगळी लिहून दिलीत, ती मेडिकलमधून आणायचं काम ह्यांनी अंगावर घेतलं.

पण मी ज्यासाठी हे पत्र लिहायला बसले ते क्रीम नव्हे. तपासणी संपली, मी पदर सारखा केला, आणि तुम्ही विचारलंत, "तुमच्या खोलीला आतून कडी आहे का?"

नव्हती. आमचा मुलगा दोन वर्षांचा असताना आत अडकला होता, तेव्हा ह्यांनी घाबरून कडीच उचकटून काढली. ती परत बसवायची राहून गेली. मुलगा आता पुण्यात नोकरीला आहे. म्हणजे वीस वर्षं आम्ही नवराबायको नुसत्या लोटलेल्या दारामागे राहिलो. बाहेर सासूबाईंची कॉट, त्यांना रात्री दोनदा उठावं लागतं, पावलं वाजली की माझे कान तिकडे. तुम्ही म्हणालात, ज्या कानाला पावलं ऐकायची आहेत त्या अंगाला सुख कसं ऐकू येईल. आणि झोपायला किती वाजता जाता, उठता किती वाजता, तेही विचारलंत. साडेअकरा आणि पावणेपाच. तुम्ही तो आकडा केसपेपरवर लिहिलात. माझ्या झोपेचा आकडा कुणी औषधाच्या कागदावर लिहील असं मला वाटलं नव्हतं.

तुम्ही ह्यांनाही बोलावलंत. पहिल्या दोन वेळा ते बाहेर गाडीतच बसून राहिले. तिसऱ्यांदा आत आले. आमची द्राक्षबाग आहे. ऑक्टोबर छाटणीनंतर पाऊस लागला की डावणी रोगाच्या भीतीनं दिवसरात्र फवारण्या, वर कर्जाचा हप्ता. त्या महिन्यांत माणूस घरात असतो पण घरचा नसतो. तुम्ही त्यांना दोष दिला नाहीत. साखर, बीपी आणि सकाळी अकराच्या आत द्यायची टेस्टोस्टेरॉनची तपासणी सांगितलीत. टेस्टोस्टेरॉन ठीक होतं, साखर मात्र वाढलेली निघाली आणि ती त्यांना कळलीच नव्हती. तेव्हाच त्यांनी कबूल केलं की तंबूतल्या एका वैद्याकडून ताकदीची पूड आणून ते गुपचूप खात होते. तुम्ही पहिल्यांदाच आवाज चढवलात. अशा पुडीत कधीकधी सिल्डेनाफिल मिसळलेलं सापडतं, आणि हृदयासाठी जिभेखाली ठेवायची गोळी घेणाऱ्यानं ते खाल्लं तर बीपी एकदम कोसळून जीव जाऊ शकतो. आमच्या मोठ्या दिरांकडे ती गोळी असते, आणि पुडीचा डबा त्यांच्याच कपाटाशेजारी होता. त्याच रात्री ह्यांनी तो डबा उकिरड्यात रिकामा केला.

आणि मग तुम्ही आम्हाला महिनाभर संबंध बंद सांगितलेत. आम्ही दोघं एकमेकांकडे बघत राहिलो. इच्छा परत आणायला आलो आणि डॉक्टर बंदी घालतात! तुम्ही म्हणालात, ही पद्धत अमेरिकेत मास्टर्स आणि जॉन्सन यांनी बसवली, 1970 मध्ये जगापुढे आली, आणि अजून चालते. फक्त स्पर्श. पुढे काही होणार नाही याची खात्री असली की अंग ताठ व्हायचं थांबतं. इच्छा नेहमी आधीच येते असंही नाही, कितीतरी बायकांना ती जवळ आल्यावर, अंग सैलावल्यावर मागून येते, जशी कधीकधी पानावर बसल्यावर भूक लागते. कॅनडातल्या डॉ. रोझमेरी बॅसन यांनी 2000 साली हे मांडलं, असं तुम्ही सांगितलंत. मी इतकी वर्षं स्वयंपाकघरात उभी राहून भुकेची वाट बघत होते.

त्या रविवारी ह्यांनी बाजारातून कडी आणली. स्क्रू बसेना, चौकटीचं लाकूड जुनं झालंय. त्यांनी भोकात काडेपेटीच्या काड्या ठोकल्या आणि मग स्क्रू पिळला. सासूबाईंनी विचारलं, काय चाललंय. हे म्हणाले, "आमच्या खोलीला कडी लावतोय, आई." काही कारण जोडलं नाही. त्याही काही बोलल्या नाहीत, मात्र दुसऱ्या दिवसापासून त्यांनी कॉट खिडकीकडे सरकवून घेतली. रात्री हे माझ्या फुटलेल्या टाचांना तेल चोळायला बसले. त्यांच्या नखांच्या कडांना फवारणीच्या मोरचुदाचा निळा रंग होता, तो धुऊन जात नाही. मी तो हात कितीतरी दिवसांनी नीट पाहिला. महिनाभर आम्ही बोललो मात्र खूप. त्यांना माझी किळस वाटत नव्हती आणि मला त्यांची, एवढं कळायला दोन वर्षं गेली होती.

पहाटेचं पाणी भरणं आणि सासूबाईंचा चहा आता ह्यांच्याकडे आहे. मी पावणेसहाला उठते. पुढचं इथं लिहीत नाही. ते कडीच्या आतलं आहे. पण दुखत नाही, आणि वाट बघावीशी वाटते.

शाळेत मी महर्षी धोंडो केशव कर्वे कितीदा शिकवले असतील. त्यांचे चिरंजीव र. धों. कर्वे यांनी 1921 मध्ये मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं, 1927 पासून मरेपर्यंत याच विषयांवर मराठीत मासिक चालवलं, वाचकांच्या खाजगी प्रश्नांना उत्तरं छापली म्हणून 1934 मध्ये कोर्टात उभे राहिले आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्यांच्या बाजूनं खटला लढवला, हे मात्र मी तुमच्या वेटिंग रूममधल्या जुन्या अंकात वाचलं. नव्वद वर्षांपूर्वी मराठीत हे प्रश्न विचारायला माणसं धजावत होती. मला मात्र "थकवा" म्हणावं लागलं होतं.

आता आमच्या शिक्षिकांच्या केंद्रसंमेलनात चहाच्या वेळी मी दोघीतिघींना बाजूला घेऊन विचारते, "दुखतं का?" परवा एकजण रडली. तिला तुमचा पत्ता दिलाय. ती थकवा सांगेल. तुम्ही थांबाल, मला माहीत आहे.

क्रीमची ट्यूब महिनाअखेरीस संपतेय, तेव्हा येईन. यंदाचे बेदाणे चांगले निघालेत, किलोभर तुमच्यासाठी बाजूला काढलेत. हे गाडी लावून थेट आत येणार म्हणालेत, त्यांना स्वतः नमस्कार करायचा आहे.

तुमची,
तासगावची एक बाई