पाटीवर लिहून चहा मागणाऱ्यास

पुणे, रविवार रात्र

प्रिय विनू,

सप्रेम नमस्कार. महिनाभर तोंड उघडायचं नाही असं तुला डॉक्टरांनी बजावलंय, म्हणजे फोन करून उपयोग नाही. पाटीवर लिहून चहा मागतोस, असं वहिनी म्हणाल्या. म्हणून हे पत्र.

आठ दिवस मी लॉरेन्स टिबेट ऐकतोय. अमेरिकन बॅरिटोन (म्हणजे मधल्या पट्टीचा पुरुषी आवाज), कॅलिफोर्नियातल्या बेकर्सफील्डचा, जन्म १८९६. बाप शेरीफच्या हाताखाली नोकरीला; हा सहा वर्षांचा असताना तो चकमकीत गोळी लागून गेला. न्यूयॉर्कच्या मेट्रोपोलिटन ऑपेरानं १९२३ साली याला घेतलं ते किरकोळ भूमिकांना. आडनावाच्या शेवटी एकच 'टी' होता, छपाईच्या चुकीनं दुसरा चिकटला. पठ्ठ्यानं तोही ठेवून घेतला!

२ जानेवारी १९२५. व्हेर्दीचा ऑपेरा 'फॉलस्टाफ'. बडं नाव आन्तोनिओ स्कोत्तीचं. हा आपला फोर्ड, संशयी नवरा. दुसऱ्या अंकात फोर्ड एकटा उरतो आणि बायको फसवतेय या विचारानं पेटतो. तिथे यानं जीव ओतला. पडदा पडल्यावर सगळ्यांबरोबर वाकून हा आपल्या खोलीत गेला. टाळ्या थांबेनात. लोक याच्या नावानं ओरडायला लागले. वाद्यवृंद चालवणारा सेराफिन पुढचं सुरू करायला बघतोय, पण ऐकतो कोण! पंधराएक मिनिटं हा गोंधळ. शेवटी याला एकट्याला पडद्यापुढे आणलं तेव्हा कुठे लोक शांत झाले. आपल्याकडे वन्स मोअर पदाला मिळतो रे, इथे माणसालाच मिळाला.

मग हॉलिवूड. १९३० च्या 'द रोग साँग' या पहिल्याच चित्रपटाला ऑस्करचं नामांकन, तेही अभिनयासाठी. रंगीत बोलपट, सोबत लॉरेल आणि हार्डी. आणि गंमत बघ, चित्रपट हरवला. थोडे तुकडे सापडलेत, बाकी उरलाय तो तबकड्यांवरचा आवाज. काल दिवा मालवून ऐकला. आधी खरखर, मग एकदम तो भरदार गळा. नाटकवाल्याचं गाणं आहे, प्रत्येक शब्द कळावा म्हणून टाकलेला.

१९३३ मध्ये 'एम्परर जोन्स' या ऑपेरामधल्या कृष्णवर्णीय नायकासाठी यानं तोंडाला काळं फासलं. गायला असेल थोर, पण ते फोटो बघवत नाहीत. गायक-कलावंतांची संघटना १९३६ साली उभी राहिली, त्यात मात्र हा पुढे होता. आपल्या नाटक मंडळींनी तेवढं तरी शिकावं, मानधनाची रड तुला ठाऊकच आहे.

१९४० च्या सुमारास गळ्यानं दगा दिला. दारूही होतीच. तरी मेट्रोपोलिटनमध्ये १९५० पर्यंत गात राहिला, मध्ये रेडिओवर फ्रँक सिनात्राच्या जागी हलकीफुलकी गाणीही म्हणाला. १९६० मध्ये गेला. उतरत्या काळातलं एक ध्वनिमुद्रण ऐकायला घेतलं होतं, अर्ध्यात बंद केलं.

ते तुला पाठवत नाही. 'फॉलस्टाफ'मधला फोर्ड पाठवतोय, वहिनींना लावायला सांग. गुणगुणायचं नाही हं, मी त्यांना लक्ष ठेवायला सांगितलंय. कसं वाटलं ते पाटीवर लिही आणि फोटो पाठव.

तुझा,
अरू