आझ्तलान म्हणजे स्वर्ग नव्हे

संपादक महोदय,

रविवारच्या पुरवणीतला अ‍ॅझ्टेक लोकांवरचा लेख वाचला, मस्तच होता, पण आझ्तलानला त्यांचा स्वर्ग म्हटलंय ते काही पटलं नाही. आझ्तलान ही बगळ्यांची जागा, आपण तिथून निघालो असं मेशिका, म्हणजे हेच अ‍ॅझ्टेक लोक, सांगायचे, मग फिरत फिरत १३२५च्या सुमारास तेनोच्तित्लान वसवलं, म्हणजे आजची मेक्सिको सिटी. थोडक्यात ते मूळगाव झालं, मेल्यावर जायची जागा नाही.

मेल्यावरचं प्रकरण वेगळंच आहे. पावसाचा देव त्लालोक, त्याचं त्लालोकान कायम हिरवंगार, मका भोपळा मिरची कधी संपतच नाही, पण तिथली एन्ट्री पुण्यावर नाही हो, कसे मेलात त्यावर! बुडून, वीज पडून नाहीतर जलोदराने गेलेले तिथे, आणि त्यांना जाळायचे नाहीत, पुरायचे. बाळंतपणात गेलेल्या बाईला तर लढाईत पडलेल्या योद्ध्याचा मान, दुपारनंतर सूर्याला मावळतीपर्यंत पोचवायचं काम या बायकांचंच. अंगावर पिणारी बाळं गेली की दूध गळणाऱ्या झाडाखाली. उरलेले साधे, अंथरुणात मेलेले लोक मिक्तलानला, म्हणजे पाताळात, चार वर्षं पायपीट आणि नदी ओलांडायला सोबत कुत्रा (इथे धर्मराज आठवलाच).

– एक नियमित वाचक