बार्जवरच्या मुलास

मालवण,
शनिवार रात्र

चि. निखिल यास अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालास, "बाबा, ही कसली बोट? तरंगती चाळ नुसती. जेवायचं, झोपायचं, सकाळी क्रेनच्या टोपलीत बसून तेलविहिरीच्या प्लॅटफॉर्मवर." आई हसली. मला मात्र बेनेवा आठवली.

बेनेवा म्हणजे अमेरिकन नौदलाची बराक शिप, माणसांना राहायला म्हणूनच बांधलेली. बॉस्टनच्या गोदीत १९४५ साली पाण्यात उतरली, पण नौदलात दाखल होईपर्यंत महायुद्ध आटोपलं होतं. १९५६ मध्ये तिला निवृत्त करून बांधून ठेवली. लांबी ३२८ फूट, आणि पाण्याखाली जेमतेम ११ फूट. त्या ११ फुटांनीच तिचं नशीब फिरवलं. व्हिएतनाम युद्धात मेकाँग नदीच्या मुखाकडे भातखाचरं, खाड्या आणि चिखल. छावणी टाकायला कोरडी जागा मिळेना. मग छावणीच नदीत ठेवायचं ठरलं. जानेवारी १९६७ मध्ये बेनेवा पुन्हा सेवेत आली. तिला हिरवा रंग फासला, आणि नदीतल्या अमेरिकन ताफ्याचं ती मुख्यालय झाली.

पायदळाचे पोरगे तिच्यावर राहायचे. चिलखती होड्यांतून दोन-तीन दिवस खाचरांत जायचे आणि परतले की बाजूला बांधलेल्या तराफ्यांवर उभं करून त्यांच्यावर होजपाइपने पाणी मारायचे. पायांचं कातडं भिजून सुटलेलं असायचं. लावणीच्या दिवसांत तुझ्या आजीच्या बोटांत चिखल्या व्हायच्या, तसंच, फक्त कितीतरी वाईट. पाय वाळवल्याशिवाय माणूस परत पाठवता यायचा नाही. म्हणून मला वाटतं, बेनेवाचं खरं हत्यार तोफा नव्हेत. कोरडा बंक, एसी आणि गरम जेवण, हेच. पंधरा वर्षं मेस डेकवर, म्हणजे जहाजाच्या जेवणघरात, काढल्यावर माणूस हेच बोलणार म्हणा.

पण रात्री शांतता नाही. पाण्याखालून पोहत येऊन कोणी सुरुंग लावू नये म्हणून थोड्या थोड्या वेळाने नदीत बॉम्ब टाकत. झोपलेल्याच्या उशाशी, पत्र्याच्या पलीकडे, धाडकन्. त्यालाही माणसं सरावतात. तरी १ नोव्हेंबर १९६८ च्या पहाटे त्याच ताफ्यातल्या वेस्टचेस्टर काउंटी या जहाजाखाली दोन स्फोट झाले आणि २५ जण गेले. पहाटे सव्वातीनच्या पुढची वेळ, बरेचसे अंथरुणात. बेनेवा तगली. १९७१ मध्ये अमेरिकन नौदलाने तिला पुन्हा निवृत्त केलं.

आता मुद्द्याचं. बेनेवाला स्वतःचं इंजिन होतं. गरज पडली की नांगर उचलून ती दुसरीकडे जायची. त्याच ताफ्यात एक बिनइंजिनाचा राहण्याचा बार्जही होता, त्याला ओढून न्यावं लागे. तुझा बार्ज त्या दुसऱ्या जातीचा. मे २०२१ मध्ये तौक्ते चक्रीवादळात बॉम्बे हायजवळ पी-३०५ या राहण्याच्या बार्जचे नांगर सुटले, तेव्हा त्यावर २६१ माणसं होती. आपल्या नेव्हीने १८६ जणांना जिवंत काढलं. त्या रात्री मी टीव्हीसमोरून उठलो नव्हतो. तू तेव्हा कॉलेजात होतास.

तेव्हा चाळ म्हण हवं तर, पण चाळीत जिना कुठे आहे ते काळोखात कळायला हवं. आपल्या बंकपासून मस्टर स्टेशनपर्यंत, म्हणजे संकटात सगळ्यांनी जमायच्या जागेपर्यंत, एकदा डोळे मिटून चालून बघ, पोरं हसली तरी. लाइफजॅकेट कपाटावर नको, हाताशी. आणि विचारून ठेव: नांगर किती, बार्ज ओढणारा टग किती लांब उभा असतो, हवामानाचा निरोप आला की निघायचं कोण ठरवतं.

आईने कोकमं आणि कुळथाचं पीठ बांधून ठेवलंय, सुट्टीवर आलास की ने. फोनवर तिला जेवणाचं सांग. नांगरांचं मला.

तुझा,
बाबा