वरच्या मजल्यावरच्या, अल्बानियातल्या श्कोडरच्या काकांना

काका,

हे मराठीत लिहितेय, तुमची लेक फोनवर ट्रान्सलेट करून वाचून दाखवेल. आणि सगळ्यांसमोर लिहितेय, कारण तुम्ही काय केलंत ते आमच्या माणसांनाही कळायला हवं.

पाय मोडला तेव्हा मी मिलानमध्ये अगदी एकटी, आणि तुम्ही सहा आठवडे रोज संध्याकाळी सूपचा डबा घेऊन दोन मजले उतरून यायचात. एकदा मी रडत होते तर तुम्ही खुर्ची ओढून बसलात आणि जेर्ज एलेझ अलिया या वीराचं गाणं सांगायला लागलात, तुमच्या डोंगरात एका तारेच्या लाहुतावर गातात ते. अंगावर नऊ जखमा, नऊ वर्षं अंथरुणाला खिळलेला, उशाशी फक्त बहीण. तिचे अश्रू तोंडावर पडतात आणि त्याला वाटतं घर गळतंय. मग समुद्रातून बालोझ नावाचा राक्षस येतो, घरटी मेंढा मागतो, मुलगी मागतो, पाळी बहिणीवर येते आणि हा मरायला टेकलेला माणूस उठतो.

पण माझ्या मनात बसलाय तो घोडा. लढाईआधी बहीण त्याला नाल मारायला घेऊन जाते. तुम्ही 'नल्बान' म्हणालात आणि मी ओरडलेच, आमच्याकडेपण नालबंदच म्हणतात! पहिला नालबंद जेर्जचा प्रोबातीन, शपथेचा भाऊ, आणि तोच तिला नको ते बोलतो. ती त्याला सुनावते आणि दुसऱ्याकडे जाते, जो मित्र आहे, तो घोडा नीट तयार करून देतो. मला तरी वाटतं बालोझ तिथेच निम्मा हरला. नऊ वर्षं जखमा धुणारी बहीण आणि नाल ठोकणारा मित्र नसता तर जेर्जची तलवार भिंतीलाच टांगलेली राहिली असती, शेवटी तो बहिणीला मिठी मारतो, त्या मिठीतच दोघं जातात आणि दोघांना एकाच कबरीत ठेवतात.

मी थँक्यू म्हटलं की तुम्ही हात झटकायचात, म्हणायचात तू 'मिक' आहेस. तुमच्या भाषेत मित्र आणि पाहुणा दोघांना एकच शब्द, आणि तुमच्या डोंगरातल्या जुन्या रीतींच्या कायद्यात, कानूनमध्ये तर घर देवाचं आणि मिकचं असंच लिहिलंय. आता कळलं तुम्ही हात का झटकायचात ते, तरी मी म्हणणारच. काका, मनापासून थँक्यू.

काल प्लास्टर निघालं. रविवारी पुरणपोळ्या घेऊन मी जिना चढून वर येतेय, तुम्ही खाली उतरू नका.

तुमची खालच्या मजल्यावरची