खिडकीतून दिसणारं गवत

पुणे,
१६ फेब्रुवारी २०२५

चि. सागर,
अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेला फोटो आईनं आधी बघितला. "केवढं मोठं ऑफिस गं बाई," असं स्वतःशीच म्हणत तिनं तो शेजारच्या काकूंना दाखवला, मग वरच्या मजल्यावर, आणि फोन माझ्या हातात आला तो संध्याकाळी. खरं सांगू, मी ऑफिस नीट बघितलंच नाही. तुझ्या खांद्यामागे काच आहे आणि काचेपलीकडे खाली एक हिरवा पट्टा. मी तो बोटांनी मोठा करकरून बघितला. आजूबाजूचं गवत पिवळं पडलंय, थंडीत ते झोपतंच, पण मधला एवढासा गोल तुकडा हिरवागार आहे. ते ग्रीन, गोल्फच्या मैदानावर छिद्र आणि झेंडा असतो ती बारीक कापलेली जागा. त्यावर कोणीतरी रोज सकाळी उजाडायच्या आत मशीन फिरवतोय, हे मला इथं पुण्यात बसून दिसतं.

तू फोनवर विचारलंस, "बाबा, इथं गुरुग्रामला मार्चमध्ये कसली तरी मोठी स्पर्धा असते म्हणे, रस्ते बंद होतात." अरे, ती गोल्फची इंडियन ओपन. आपल्या देशाची ओपन. फोनवर सांगायला बसलो असतो तर तू दोन मिनिटांत "हो हो बाबा" करून ठेवला असतास, म्हणून लिहितोय. माझी ती जुनी वही तुला आठवत असेल, निळ्या पुठ्ठ्याची, जिच्यात मी कात्रणं चिकटवायचो आणि तू त्यावर क्रिकेटवाल्यांची चित्रं चिकटवून ठेवलीस. ती समोर घेऊन बसलोय. सचिनच्या खाली अली शेर आहे, निघत नाही.

ही स्पर्धा १९६४ साली दिल्लीत सुरू झाली, दिल्ली गोल्फ क्लबवर. तिच्यामागे एक ऑस्ट्रेलियन माणूस होता, पीटर थॉमसन. ब्रिटिश ओपन पाच वेळा जिंकलेला. एवढा मोठा खेळाडू, अमेरिकेत पैसे कमवत बसायचा सोडून आशियात फिरायचा. इथं स्पर्धा उभ्या राहाव्यात म्हणून त्यानं बरीच खटपट केली. पहिली इंडियन ओपन त्यानंच जिंकली, म्हणजे लग्नही त्यानंच जमवलं आणि बोहल्यावरही तोच चढला. पुढं १९६६ आणि १९७६ ला परत जिंकला.

दुसऱ्याच वर्षी, १९६५ ला, आपला माणूस जिंकला. पी. जी. सेठी, त्यांना सगळे बिल्लू सेठी म्हणायचे. गोल्फमधला पहिला अर्जुन पुरस्कार त्यांचाच. पण ते हौशी खेळाडू होते, पोटासाठी खेळणारे नव्हेत. हौशी माणूस जिंकला तर नाव त्याचं लागतं, बक्षिसाचे पैसे त्याला घेता येत नाहीत. आजपर्यंत ही स्पर्धा जिंकणारे ते एकटेच हौशी.

आणि मग बघ काय झालं. वहीत मी एक पान आखून सगळ्या विजेत्यांची नावं ओळीनं लिहिली आहेत. १९६५ नंतर पान उलटतं तरी भारतीय नाव येत नाही. जपानचा होसोइशी लागोपाठ दोनदा, ऑस्ट्रेलियाचे ग्रॅहम मार्श आणि ब्रायन जोन्स दोन-दोनदा, तैवानचे, अमेरिकेचे. १९८१ ला पेन स्ट्युअर्ट नावाचा अमेरिकन पोरगा जिंकून गेला, वय चोवीस. तोच पुढं दोनदा यूएस ओपन जिंकला आणि १९९९ ला विमान अपघातात गेला. आपल्या देशाची ओपन, आपलं मैदान, आपले माळी, बॅगा उचलणारे आपले कॅडी, आणि चषक मात्र दरवर्षी परदेशात. पंचवीस वर्षं असंच चाललं.

का, ते मला कोणी पुस्तकातून सांगायची गरज नाही. मी बघितलंय. त्या काळात गोल्फ खेळायचे ते मेंबर. मेंबरांना नोकऱ्या होत्या, कारखाने होते, फौजेतली पदं होती. ते शनिवार-रविवारी खेळायचे. आणि ज्यांना रोज, उन्हातान्हात, पोटाला चिमटा घेऊन खेळायला हवं होतं, ती पोरं त्यांच्या बॅगा उचलत होती.

मी तेरा वर्षांचा असताना पहिली बॅग उचलली. तुझ्या आजोबांना ते पसंत नव्हतं, पण घरात पैसे यायचे म्हणून गप्प बसले. पहाटे साडेपाचला कॅडी शेडवर रांग, मग नंबर, मग साहेब. बारा-पंधरा किलोची बॅग, अठरा होल, चार तास. पट्ट्यानं खांद्यावर जो वळ उठायचा तो आंघोळीचं पाणी पडलं की झोंबायचा. पण ते काही नाही. अवघड काम वेगळंच. साहेब पुट करायला, म्हणजे ग्रीनवरून चेंडू छिद्रात ढकलायला, वाकले की श्वाससुद्धा बेतानं घ्यायचा. आणि उभं कुठं राहायचं तर जिथून आपली सावली त्यांच्या रेषेवर पडणार नाही तिथं. सकाळी सावली लांब असते, ऊन चढेल तसं सरकत राहायचं. एकदा माझी सावली पडली. पुट चुकला. साहेबांनी काही म्हटलं नाही, फक्त त्या दिवशी वरचे पैसे दिले नाहीत. त्यानंतर मी आयुष्यात कुठंही उभा राहिलो की आधी सूर्य कुठं आहे ते बघतो. तुझ्या शाळेच्या स्नेहसंमेलनातसुद्धा बघायचो, आई हसायची.

सोमवारी मैदान मेंबरांसाठी बंद असायचं, तेव्हा आम्हाला खेळायला मिळायचं. कोणाच्या तरी टाकून दिलेल्या सात नंबरच्या काठीनं चौघं खेळायचो. त्याआधी तर लोखंडी सळई वाकवून तिचीच काठी केली होती. काठी एकच, त्यामुळं तिच्यातून सगळे फटके काढायला शिकलो. उंच, बुटका, वळणारा, झुडपाखालून घासत जाणारा. चौदा काठ्यांची पिशवी असलेल्या माणसाला ते कधी शिकावं लागत नाही.

म्हणून १९९१ ला जेव्हा अली शेर जिंकला तेव्हा आमच्या शेडमध्ये काय झालं असेल, विचार कर. मी सोळा वर्षांचा. आमच्यात एकाला इंग्रजी वाचता यायचं, त्यानं क्लबहाऊसमधला शिळा पेपर आणला. बातमी दोन बोटांएवढी. "अली शेर, दिल्ली गोल्फ क्लबचा कॅडी." त्यानं 'कॅडी' हा शब्द दोनदा वाचला. ज्या मैदानावर त्यानं बॅगा उचलल्या त्याच मैदानावर जगभरच्या व्यावसायिकांना हरवून तो जिंकला होता. पोटासाठी खेळणारा पहिला भारतीय. आमच्यातला एक जण उठला, बाहेर गेला आणि नुसताच परत आला. काय करावं ते कळेना कोणाला. १९९३ ला अली शेर परत जिंकला. तेव्हा मात्र पेढे वाटले, वर्गणी काढून.

मग धरण फुटल्यासारखं झालं. १९९८ ला कोलकात्याचा फिरोझ अली, १९९९ ला अर्जुन अटवाल, २००० ला ज्योती रंधावा. तीन वर्षं, तीन भारतीय. अटवाल पुढं २०१० ला अमेरिकेतल्या पीजीए टूरवर, म्हणजे तिथल्या व्यावसायिकांच्या मोठ्या स्पर्धांमध्ये, जिंकणारा पहिला भारतीय ठरला. रंधावानं ओपन २००६ आणि २००७ लाही जिंकली, म्हणजे थॉमसनइतकीच तीनदा. मधे २००२ ला लखनौचा विजयकुमार. हे सगळे काही कॅडी नव्हते हं, अटवाल-रंधावा चांगल्या घरचे. मी उगीच आपलेपणा लावत नाही. पण २००९ ला मुनियप्पा जिंकला, बंगळूरचा, तो आमच्यातलाच. आणि २०१३ ला बांगलादेशचा सिद्दीकुर रहमान, ढाक्याच्या कुर्मिटोला क्लबवर चेंडू वेचणारा पोरगा. तो आपला नाही म्हणून मी त्याला यादीत वेगळ्या शाईनं लिहिलंय, पण ठळक.

आता चौरसियाबद्दल नीट सांगतो, कारण तो माझा आवडता. एस. एस. पी. चौरसिया. त्याचे वडील रॉयल कलकत्ता गोल्फ क्लबवर ग्रीनकीपर, म्हणजे मी शेवटची बावीस वर्षं जे काम केलं तेच. तो क्लब १८२९ चा, ब्रिटनच्या बाहेरचा सगळ्यात जुना. पोरगा तिथंच वाढला. कोणी शिकवलं नाही, बघून बघून शिकला. उंची बेताची, फटका फार लांब जात नाही. पण ग्रीनच्या जवळ आला की हातात जादू. चिप, म्हणजे ग्रीनच्या कडेवरून हलकेच उचललेला फटका, आणि पुट इतके चांगले की त्याचं नावच 'चिपपुटसिया' पडलं. मला त्यात काही नवल वाटत नाही. ज्याच्या बापानं ग्रीन कापलं त्या पोराला ते कुठं उतरतंय हे पायाच्या तळव्याला कळतं.

हा माणूस इंडियन ओपनमध्ये चार वेळा दुसरा आला. १९९९ ला दुसरा, २००६ ला दुसरा, २०१३ ला दुसरा. २०१५ ला तर शेवटच्या दिवशी सुरुवातीला अनिर्बन लाहिरी त्याच्या सात फटके मागं होता, म्हणजे सात फटके जास्त घेऊन, कारण कमी फटक्यांत संपवेल तो जिंकतो. सात! तरी लाहिरीनं गाठलं, बरोबरी झाली आणि प्ले-ऑफमध्ये तोच जिंकला. लाहिरीचा जन्म आपल्या पुण्यातला, वडील लष्करात डॉक्टर, त्यामुळं पुण्यात मंडळी खूश होती. मी त्या दिवशी जेवलो नाही. आईला वाटलं पित्त झालंय.

पुढच्या वर्षी, २०१६ ला, त्याच दिल्लीत चौरसिया जिंकला आणि लाहिरी मागं राहिला. मग २०१७ ला स्पर्धा तुझ्या खिडकीखाली आली, डीएलएफ क्लबच्या त्या मैदानावर, जे गॅरी प्लेअर या दक्षिण आफ्रिकेच्या जुन्या खेळाडूनं आखलंय. ते मैदान म्हणजे खेळाडूंची परीक्षाच, ग्रीनला असे उतार की चेंडू थांबेल असं वाटतं आणि तो थांबतच नाही. लांब फटका मारणारे युरोपातले लोक आले होते. बुटका चौरसिया सात फटक्यांनी जिंकला. दुसऱ्या दिवशी मी कामावर जाऊन सगळ्या पोरांना चहा पाजला, कारण विचारलं तर म्हटलं, सहज.

त्यानंतर मात्र आपलं नाव नाही. २०१८ ला इंग्लंडचा मॅट वॉलेस. २०१९ ला स्कॉटलंडचा स्टीफन गॅलाकर, त्याची गोष्ट तुला सांगायलाच हवी. शेवटच्या दिवशी सातव्या होलवर त्यानं चारच्या जागी आठ फटके घेतले. एवढं झाल्यावर माणूस संपतो. तो नाही संपला, एका फटक्यानं जिंकला. वय चव्वेचाळीस, माझ्याच वयाचा. आणि त्याची बॅग कोणाच्या खांद्यावर होती? त्याच्या मुलाच्या. आठ फटक्यांनंतर आठव्या होलकडे चालताना ते दोघं काय बोलले असतील, मला फार उत्सुकता आहे. बहुतेक काहीच नाही. पोरानं काठी पुसून हातात दिली असेल.

करोनात तीन वर्षं स्पर्धा झाली नाही. २०२३ ला जर्मनीचा झीम, गेल्या वर्षी जपानचा केइता नाकाजिमा. गुरुग्रामचाच वीर अहलावत गेल्या वर्षी बरोबरीनं दुसरा आला, तेव्हा यंदा बघू. माझ्या हिशेबानं आजवर नऊ भारतीय, तेरा वेळा.

आता एक गोष्ट. मागच्या रविवारी तू फोन ठेवायला विसरलास. तुझा तो मित्र कोणीतरी विचारत होता, "डॅड क्या करते हैं?" आणि तू म्हणालास, "गोल्फ क्लब में थे, अ‍ॅडमिन में." मी फोन ठेवला. राग आला नाही, खोटं का बोलू, थोडंसं हसूच आलं. मीही तुझ्या आजोबांबद्दल असंच काहीतरी सांगायचो, ते हमाली करायचे तेव्हा मी 'ट्रान्सपोर्टमध्ये' म्हणायचो. तू चुकलास असं म्हणायला हे लिहीत नाही. फक्त ग्रीन हे अ‍ॅडमिनमधून कापलं जात नाही, एवढीच माझी तांत्रिक हरकत.

मार्चअखेर स्पर्धा आहे, गुरुवार ते रविवार. दोन दिवसांनंतर कट लागतो, म्हणजे मागचे निम्मे घरी जातात. तू शुक्रवारी जा. गर्दी कमी असते आणि कट चुकवू नये म्हणून धडपडणारी माणसं बघायला मिळतात. शेवटच्या दिवशी जिंकणाऱ्यामागं सगळेच धावतात. उन्हाची टोपी घे. कोणी फटका मारत असताना चालू नकोस, फोन बंद ठेव. एका ग्रीनमागं जागा धरून बस, चार-पाच जोड्या जाऊ देत. खेळाडूकडे नको, कॅडीकडे बघ. तो उकिडवा बसून उतार बघतो, मग उठून कुठं उभा राहतो ते बघ. आणि सूर्य कुठं आहे ते बघ.

तो मित्र येत असेल तर त्यालाही घेऊन जा.

जमलं तर माझं एक काम कर. रोज सकाळी खेळाडूंना आणि कॅडींना एक कागद देतात, त्यावर अठराही ग्रीनवर झेंडा आज कुठं लावलाय त्याचे आकडे असतात. दिवस संपला की तो कोणाला नको असतो, कचऱ्याच्या डब्याजवळ पडलेला असतो. एक आण. वहीत शेवटचं पान रिकामं आहे.

आई विचारतेय, चिवडा संपला का.

तुझे,
बाबा